दामाजी नाखव्याची आठ वाक्यं

दामाजी नाखवा चौदा मराठी चित्रपटांत दिसतो. एकाही चित्रपटात तो ऐकू येत नाही. हे मी सुरुवातीलाच लिहून टाकतो, कारण त्याची सगळी कारकीर्द एवढ्यात आली. आणि ती तशी झाली यात माझाही हात आहे. ते पुढे येईलच, मी लपवणार नाही. लपवून झालंय बरीच वर्षं.

दिसतो म्हणजे तरी किती? हवालदार, कोर्टातला शिपाई, पाटलाचा गडी, लग्नातला वऱ्हाडी आणि दोन वेळा प्रेत. "प्रेताचा काम सगल्यात बरा," तो म्हणायचा. "तिथे दुसऱ्याचा आवाज लावाची भीती नाय."

आमची ओळख १९७८ सालची. कोलशेतच्या एका केमिकल कंपनीत मी टाइम ऑफिसात हजेरी-पगाराचा कारकून होतो आणि तो प्लांटमध्ये हेल्पर. मी वर्तकनगरला राहणारा, मूळचा मालवणकडचा परब. तो कोलशेतच्या कोळीवाड्यातला; कंपनीच्या मागच्या भिंतीपलीकडेच त्याचं घर. आमच्यासारख्या कंपन्यांचं पाणी खाडीत जायला लागलं तशी मासळी गेली, आणि मासळी गेली तशी कोळीवाड्यातली माणसं त्याच कंपन्यांच्या गेटवर नोकरी मागायला उभी राहिली. दामाजी त्यातलाच एक. तरी सुट्टीच्या दिवशी चुलतभाऊ भिवाजीबरोबर होडी काढायचाच. भिवाजी भर खाडीत असला की हा बंदरावरून त्याला हाक मारायचा आणि ती माझ्या टाइम ऑफिसात ऐकू यायची.

त्या हाकेसाठी मी त्याला नाटकात घेतला. दरवर्षी कामगार नाट्यस्पर्धेत कंपनीचं नाटक मी बसवायचो. ऐंशी सालच्या नाटकात गावच्या रखवालदाराचं काम त्याला दिलं. पहिल्या अंकात त्याने विंगेतून जी हाक मारली, तिने पुढच्या रांगेतल्या परीक्षकाच्या हातातलं पेन खाली पडलं, असं मी अजून लोकांना सांगतो. पेन पडलं नव्हतं. पण गृहस्थ दचकले होते हे खरं.

त्या प्रयोगाला तानाजी म्हणून एक माणूस आला होता. येऊर आणि घोडबंदरच्या बंगल्यांवर शूटिंगं चालायची, तिथे किरकोळ कामाला माणसं पुरवणं हा त्याचा धंदा. प्रयोग संपल्यावर तो रंगपटात आला आणि दामाजीकडे बघत मला म्हणाला, "चेहरा चांगला आहे." मला वाटलं, याचे कान फुटलेत की काय. असला आवाज ऐकून माणूस चेहऱ्याबद्दल कसा बोलतो? पण तानाजीला त्याचा धंदा माहीत होता. आवाजाची तिथे गरजच नव्हती.

तेव्हा मराठी चित्रपटात शूटिंगच्या वेळचा आवाज पडद्यावर येत नसे. कॅमेरा गिरणीसारखा घरघरायचा. म्हणून चित्रपट पुरा झाल्यावर नट स्टुडिओत येऊन, पडद्यावरच्या आपल्याच ओठांकडे बघत पुन्हा बोलायचे. त्याला डबिंग म्हणतात. मोठ्या नटांना त्यासाठी तारखा असायच्या. एखाद्या हवालदाराच्या "चला, चला, गर्दी करू नका" साठी वेगळ्या माणसाला कोण बोलावतो? तिथे हजर असलेला एखादा डबिंगवाला हवालदार, वाणी, डॉक्टर आणि देवळातला पुजारी असे सगळे एका दुपारी उरकून टाकायचा. त्यामुळे दामाजी पडद्यावर तोंड उघडायचा आणि आत दुसराच कोणीतरी बोलायचा. एका चित्रपटात तर त्याला मध्यंतराआधी एक आवाज होता आणि नंतर दुसरा. कोळीवाड्यात पोरं त्याला थट्टेने विचारायची, "दामाजीभाऊ, आज कुनाचा आवाज घालून आलास?"

तो हसायचा. मी चिडायचो. त्याचं बिऱ्हाड कसं चालतंय याच्याशी त्या चिडण्याचा संबंध नव्हता. तो आवाज मी शोधून काढला होता आणि तो वाया जात होता, एवढंच मला दिसायचं.

त्याच्या आईला, भागीरथीमावशीला, पहिली पाच वर्षं या सगळ्याशी काही देणंघेणं नव्हतं. ती डोक्यावर पाटी घेऊन वर्तकनगरच्या बिल्डिंगांतून मासळी विकायची. माझ्या बायकोची ती ठरलेली कोळीण. सिनेमा बघायला तिला वेळ कुठला? "बगन कवातरी," म्हणायची आणि पाटी उचलायची. मग पंच्याऐंशी साली काचबिंदूने तिचे डोळे गेले. आधी एक, मग सहा महिन्यांत दुसरा. सिव्हिलमधल्या डॉक्टरने सांगितलं, उशीर केलात.

डोळे गेल्यावर ती दिवसभर दारात बसायची आणि येणाजाणाऱ्यांना पावलांवरून, खोकल्यावरून ओळखायची. सून शेवंती पाटी घेऊन बाहेर पडायला लागली. एक दिवस मी गेलो तेव्हा मावशी मला म्हणाली, "परबा, लोक सांगतान माजा पोर शिनेमात हाय. मी त्याला बगला नाय. आता बगनार पन नाय. निदान आयकवा तरी."

आता हिला कसं सांगायचं, की ऐकण्यासारखंच तिथे काही नाही? दामाजी माझ्या तोंडाकडे बघत होता. मी म्हणालो, "ऐकवू मावशी." काय म्हणून म्हणालो? समोर आंधळी म्हातारी बसलेली असली की माणूस असं बोलून जातो. पण तिने ते धरून ठेवलं. पुढे मी कधीही गेलो की माझी पावलं ओळखायची आणि विचारायची, "कवा रं?"

अठ्ठ्याऐंशीच्या हिवाळ्यात त्या चित्रपटाचं काम आलं. त्याचं नाव सांगत नाही, निर्माते हयात आहेत आणि त्यांचा काही दोष नाही. त्यात खाडी ओलांडायचा एक प्रसंग होता. नायक आजारी बहिणीला घेऊन बंदरावर येतो, होडीवाला आधी नाही म्हणतो आणि मग नेतो. दिग्दर्शकाने दामाजीला होडीवाला केलं. वाक्यं आठ. मी मोजली, शेवंतीने मोजली, कोळीवाड्याने मोजली. आजवर त्याला एका वेळी दोनच्या वर वाक्यं मिळाली नव्हती.

शूटिंग कोलशेतच्याच बंदरावर झालं. मंडळी भर ओहोटीला होडी आणि कॅमेरा घेऊन उभी. दामाजीने दिग्दर्शकाला सांगितलं, "साहेब, आता काय नाय व्हायचं. पानी चार वाजता भरंल." सगळं युनिट चार वाजेपर्यंत बसून राहिलं, चहा पीत. पाणी भरलं तेव्हा काम सुरू झालं. ही गोष्ट दामाजीच्या मनात पक्की बसली. एवढी मोठी माणसं, पण खाडीसाठी थांबली.

शॉट झाल्यावर दिग्दर्शक आपणहून म्हणाले, "याचा आवाज यालाच द्यायचा. असा आवाज मला दुसरीकडे मिळायचा नाही. डबिंगची तारीख कळवू." दामाजीने तिथल्या तिथे त्यांचे पाय धरले. मला लाजल्यासारखं झालं, पण मीही धरले असते.

पुढचे सहा महिने आम्ही त्या आठ वाक्यांवर जगलो. जेवणाच्या सुट्टीत कंपनीच्या भिंतीला टेकून तो बोलायचा आणि मी घड्याळ लावायचो, कारण डबिंगला ओठांशी वेळ जुळावी लागते. संध्याकाळी घरी तो आईसमोर बोलायचा. शेवटचं वाक्य होतं, "ताई, बसा. माझ्या होडीतला माणूस आजवर पाण्यात राहिला नाही." हे वाक्य मावशीला इतकं पाठ झालं, की तो अडखळला की ती दारातून पुढचा शब्द द्यायची. आल्यागेल्याला सांगायची, "यंदा माजा दामाजी बोलनार हाय. मी आयकाला जानार."

त्याच्याकडे फोन नव्हता. म्हणून तानाजीकडे माझ्या टाइम ऑफिसचा नंबर दिलेला. ऑगस्टात फोन आला. डबिंग दादरच्या स्टुडिओत, गुरुवारी, दुपारी दोन वाजता. मी प्लांटमध्ये जाऊन दामाजीला सांगितलं. आधी त्याचा चेहरा फुलला. मग तो म्हणाला, "गुरुवारी नारली पुनव हाय."

त्यांच्या कोळीवाड्यात पुनवेला खाडीला सोन्याच्या मुलाम्याचा नारळ देतात. तो नारळ वाजतगाजत बंदरावर न्यायचा मान दरसाल एका घराचा. त्या साली नाखव्यांची पाळी होती, अकरा वर्षांनी आलेली. ज्याच्या घरची पाळी तो पुरुष गाव सोडून जात नाही. जायचं नाही असा नियम कोणी केलेला नव्हता, कारण जायचं हे कोणाच्या डोक्यातच कधी आलं नव्हतं.

"मग रे?" मी विचारलं.

"मग काय? शुक्रवारी जातंव." त्याला त्यात काही अडचणच दिसत नव्हती. "त्या दिवशी कोन काम करतंय? त्यांनी कोल्यांचा शिनेमा केलाय, त्यांना पुनव म्हाईत नाय काय? तू फोन करून सांग फक्त."

मीही मालवणचा. आमच्याकडेही पुनवेला समुद्राला नारळ देतात. मलाही ते अगदी बरोबर वाटलं. खाडीसाठी थांबलेली माणसं सणासाठी एक दिवस नाही थांबणार? आता लिहिताना स्वतःच्या कानाखाली मारावीशी वाटते.

मी फोन केला. एंगेज. अर्ध्या तासाने पुन्हा केला. एंगेज. साडेपाचला कंपनीची बस होती. उद्या करू म्हणून मी बस पकडली. दुसऱ्या दिवशी बुधवार, पगारपत्रकांचा दिवस. मी मान वर केली तेव्हा पुन्हा साडेपाच वाजले होते. एक फोन, दोन मिनिटांचा. मी तो केला नाही.

पुनवेला मी कोलशेतला गेलो होतो. दामाजीने नवा रुमाल आणि जाकीट घातलं होतं. पुढे बाजा, मागे बायका नाचत होत्या आणि मध्ये तो दोन्ही हातांत नारळ धरून चालत होता. मावशीला खुर्चीवर बसवून बंदरावर आणलं होतं. पाण्यात उतरताना त्याने दर्याला जी आरोळी दिली, ती ऐकून ती आपल्या शेजारणीला म्हणाली, "यो. यो आवाज." तेव्हा घड्याळात बरोबर अडीच वाजले होते. दादरची वेळ दोनची होती.

शुक्रवारी आम्ही दोघं दादरला गेलो. मी रजा टाकून गेलो, कारण एकट्याला पाठवायचं धाडस नव्हतं. रेकॉर्डिस्ट सभ्य माणूस होता. आम्हाला बसवलं, पाणी दिलं. म्हणाला, "काल तुमची वाट पाहिली हो. तीन वाजेपर्यंत थांबलो. काही निरोप नाही. मग जे होते त्यांच्याकडून करून घेतलं. वीस मिनिटांत झालं, छान झालंय."

"साहेब, परत एकदा लावा," दामाजी म्हणाला. "आठच वाक्यं हायत. मी एका दमात बोलतंव. घड्याळ लावून केलीत आम्ही."

"रीळ मिक्सिंगला गेलं. डायरेक्टर रात्रीच्या गाडीने कोल्हापूरला गेले. माझ्या हातात काही नाही."

दामाजी उठला नाही. समोरच्या काळ्या काचेकडे बघत बसला. काचेपलीकडे माइक होता, एका दांडीवर. थोड्या वेळाने त्याने विचारलं, "आत जाऊन नुसता बगू?" रेकॉर्डिस्टने दार उघडून दिलं. तो माइकसमोर जाऊन उभा राहिला, हात जोडून, देवळात उभं राहतात तसा. मशीन बंद होतं.

परत येताना ठाणे स्टेशनाबाहेर त्याने मला विचारलं, "परब, तू सांगितलेलास ना त्यांना, सन हाय म्हणून?"

मी म्हणालो, "सांगितलेलं. त्यांनी ऐकलं नाही."

इतकं सहज बोललो, की क्षणभर मलाच खरं वाटलं. तो मान हलवत म्हणाला, "मोठ्या मानसांचा असाच." माझ्यावर त्याचा जरासुद्धा संशय नव्हता. असता तर बरं झालं असतं.

आईला सांगायची हिंमत त्याला झाली नाही. मलाही झाली नाही. पुढच्या वर्षी उन्हाळ्यात चित्रपट लागला. ठाण्यात थिएटर मिळालं नाही, कल्याणला एक आठवडा मॅटिनीला होता. मावशीने महिनाभर आधीपासून सगळ्यांना सांगून ठेवलेलं. तेव्हा मासळीचा टेम्पो धुऊन काढला, त्यात चटया टाकल्या आणि आम्ही अठ्ठावीस माणसं कशेळी पुलावरून, भिवंडीमार्गे कल्याणला गेलो. मावशी ड्रायव्हरशेजारी, हिरवं लुगडं आणि अंगावर होतं नव्हतं ते सोनं. दामाजी मागे माझ्यासमोर बसला होता. संबंध वाटेत तो एकदाच बोलला, "लाइट गेली तर बरा व्हईल."

लाइट गेली नाही. मावशीच्या एका बाजूला दामाजी, दुसऱ्या बाजूला मी, पलीकडे शेवंती. तासाभराने पडद्यावर कोलशेतचं बंदर आलं. आमच्या दोन रांगांनी शिट्ट्या वाजवल्या. "आये, आला," शेवंती म्हणाली. मावशी खुर्चीच्या कडेवर सरकली आणि तिने मान तिरकी केली, माझी पावलं ओळखताना करायची तशी.

पडद्यावर दामाजीने तोंड उघडलं आणि एक बारीक, गोड, शहरी आवाज बोलायला लागला. सूर कोळ्याचा काढायचा प्रयत्न केलेला होता.

दुसऱ्या वाक्याला मावशीचा हात माझ्या मनगटावर आला. दामाजी खाली मान घालून बसला होता. मला वाटलं, आता हा आपल्या आवाजात बोलेल. थिएटर दणाणून सोडेल. त्याचे ओठ हललेही. सगळी आठ वाक्यं त्याने ओठांनी पुरी केली, वेळेशी वेळ जुळवून, तंतोतंत. आवाज आला नाही. मागे बसलेला गणू, मावशीचा भाचा, शेवंतीला म्हणाला, "वयनी, यो दामाजीचा आवाज नाय वाटत." आमच्या रांगेत कुजबुज सुरू झाली.

तेव्हा मावशी मोठ्यांदा म्हणाली, "गप बसा रं. माजा पोर बोलतंय, आयकू द्या."

सगळे गप्प झाले. तिच्यापुढे कोण बोलणार? आंधळी असली तरी पोराचा आवाज तिला ठाऊक, असंच प्रत्येकाला वाटलं असणार. मध्यंतरात तिने सगळ्यांना भजी खायला घातली. लोकांनी दामाजीच्या पाठीवर थापा मारल्या. तो आईकडे बघत होता. ती खरंच फसली, असं त्याला वाटत होतं का? मला वाटतं, त्याला तसं वाटून घ्यायचं होतं.

परत जाताना तिने मला आपल्या शेजारी बसवून घेतलं. मागे गाणी चालली होती. पूल आला, खाडीचा वास आला, तेव्हा ती हळूच म्हणाली, "परबा, त्या बोलनाऱ्याची आयस जिती हाय का रं?"

मी म्हणालो, "माहीत नाही, मावशी."

"आसंल तर तिना वलखला आसंल त्याला. दुसऱ्याच्या तोंडात आसला तरी." मग म्हणाली, "दामाजीला नको सांगूस. तू त्याच्यासाठी लय केलास. तुजे उपकार हान आमच्यावर."

मी तिला फोनचं सांगायला हवं होतं. तिथेच, पुलावर. मी खिडकीबाहेर बघत राहिलो.

त्यानंतर तिने मला कधी "कवा रं" विचारलं नाही. एक्क्याण्णवच्या पावसाळ्यात ती गेली.

दामाजी पुढे आणखी तीन चित्रपटांत दिसला. त्यातल्या शेवटच्याच्या वेळी, त्र्याण्णव साली, टाइम ऑफिसात पुन्हा एकदा फोन आला. नवा दिग्दर्शक होता, त्याला जुन्या लोकांनी या आवाजाबद्दल सांगितलं होतं. डबिंगला दामाजी स्वतः हवा होता. कोणताही सण नव्हता, तारीखसुद्धा आम्हीच सांगायची होती. मी धावत प्लांटमध्ये गेलो.

त्याने हातातला पाइप खाली ठेवला नाही. "नको परब," तो म्हणाला. "ती मानसं कोनासाठी थांबत नाय. तू येवढा सांगितलास त्यांना, तरी थांबली नाय. आनि आता बोलून आयकनार कोन हाय?"

मी ऑफिसात परत आलो आणि फोन लावला. पहिल्याच खेपेला लागला. नट येणार नाही म्हणून मी कळवून टाकलं.